एलआयसी, विमा आणि पेन्शन: लोक मला नेहमी विचारतात ते प्रश्न

एकतीस वर्षं एलआयसीत नोकरी केली, त्यातली शेवटची चौदा डेथ क्लेमच्या टेबलावर. निवृत्त झाले तरी प्रश्न थांबले नाहीत. परळला आमच्या इमारतीच्या जिन्यात, हळदीकुंकवात, लेडीज डब्यात, कुठेही कोणीतरी पिशवीतून प्लॅस्टिकचं फोल्डर काढतं आणि "ताई, जरा बघता का?" म्हणतं. बघते. पण प्रश्न तेच तेच असतात, म्हणून एकदा सगळं नीट लिहून ठेवते आहे. त्या टेबलावर मला एक गोष्ट पक्की कळली. पैसे अडकतात ते बहुतेक वेळा घरातल्यांना काही माहीतच नसतं म्हणून. त्यामुळे जिथे घरच्यांचा संबंध येतो तिथली उत्तरं लांबली आहेत.

एलआयसी नक्की किती जुनी?

कागदोपत्री १ सप्टेंबर १९५६ पासून. पण ती शून्यातून उभी राहिली नाही. देशातल्या २४५ विमा कंपन्या आणि प्रॉव्हिडंट सोसायट्या एकत्र करून ती झाली. त्यांतल्या काही खास आपल्या मुंबईच्या. १८७० ची बॉम्बे म्युच्युअल ही पहिली भारतीय आयुर्विमा संस्था. तोपर्यंत विलायती कंपन्या हिंदी माणसाचा विमा एक तर उतरवत नसत, नाही तर जादा हप्ता लावत. बॉम्बे म्युच्युअलने आपल्या माणसांना सर्वसाधारण दराने विमा दिला. मला ही गोष्ट फार मोठी वाटते. त्यानंतर १८७४ ची ओरिएंटल. हुतात्मा चौकातली ओरिएंटल बिल्डिंग तिच्याच नावाची.

१९ जानेवारी १९५६ ला आयुर्विमा सरकारच्या ताब्यात घेणारा वटहुकूम निघाला तेव्हा अर्थमंत्री होते चिंतामणराव देशमुख. त्याच वर्षी मुंबईच्या प्रश्नावर त्यांनी मंत्रिपद सोडलं. आपल्याकडे त्यांचं नाव निघतं ते राजीनाम्यासाठी. आयुर्विम्याचं राष्ट्रीयीकरणही त्यांच्याच हातून झालं, हे अनेकांना ठाऊक नसतं.

नरिमन पॉइंटच्या मुख्य कार्यालयाचं नाव 'योगक्षेम'. गीतेच्या नवव्या अध्यायातल्या 'योगक्षेमं वहाम्यहम्' वरून. जे मिळालेलं नाही ते मिळवणं म्हणजे योग, आणि मिळालेलं राखणं म्हणजे क्षेम. ज्याने हे नाव सुचवलं त्याला विमा खरोखर कळला होता.

शेअर बाजारात आली म्हणजे आता खासगी झाली ना? मग आमचे पैसे?

नाही झाली. मे २०२२ मध्ये सरकारने आपला फक्त ३.५ टक्के हिस्सा विकला. ९४९ रुपयांना दिलेला शेअर १७ मे रोजी बाजारात त्याच्या खालीच उघडला, आणि दुसऱ्या दिवसापासून लोक मला विचारू लागले की पॉलिसी मोडू का. शेअरचा भाव आणि तुमची पॉलिसी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एलआयसी कायद्याचं कलम ३७ आजही जागेवर आहे. पॉलिसीची विमा रक्कम आणि तिच्यावर जाहीर झालेला बोनस, म्हणजे नफ्यातला तुमचा वाटा, यांना केंद्र सरकारची हमी आहे. ही हमी शेअरला नाही, आणि युलिपमधल्या, म्हणजे बाजाराशी जोडलेल्या पॉलिसीतल्या, युनिटच्या भावालाही नाही. एजंट 'सरकारी हमी' म्हणाला तर कशाची, ते विचारायचं.

आमच्या हप्त्याचे पैसे जातात कुठे?

आयुर्विमा निधीतला किमान निम्मा पैसा सरकारी रोखे आणि तशाच मान्यताप्राप्त कागदांत ठेवावा लागतो. हा नियम खासगी कंपन्यांनाही आहे. शिवाय किमान १५ टक्के घरबांधणी आणि रस्ते-वीज अशा पायाभूत कामांत. उरलेल्यात शेअर, कंपन्यांचे रोखे वगैरे.

इतका बंदोबस्त का, हे कळायला १९५७ मध्ये जावं लागतं. एलआयसी जेमतेम वर्षाची असताना हरिदास मुंदडा नावाच्या उद्योगपतीच्या सहा कंपन्यांचे शेअर तिने सव्वा कोटी रुपयांच्या आसपास देऊन घेतले. त्यातली रिचर्डसन अँड क्रडास ही भायखळ्याची. गुंतवणूक समितीला न विचारता हे झालं. फिरोज गांधींनी लोकसभेत ते काढलं. चौकशीला बसले मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती छागला, आणि सुनावणी मुंबईतच, खुली ठेवली. ऐकायला इतकी गर्दी झाली की लाऊडस्पीकर लावावे लागले. अर्थमंत्री टी. टी. कृष्णम्माचारींना १९५८ च्या फेब्रुवारीत पद सोडावं लागलं.

हे मी मुद्दाम सांगते. पैसा आपला आहे आणि त्याचा हिशेब मागता येतो, हे मुंबईकरांनी तेव्हा समोर बसून पाहिलं आहे.

बोनस 'हजारी ४५' म्हणजे काय? आणि एंडोमेंट घेऊ की टर्म?

दोन्ही एकदमच सांगते, कारण पहिलं कळलं की दुसरं सोपं होतं.

एंडोमेंट म्हणजे मुदत संपली की किंवा त्याआधी मृत्यू झाला की पैसे देणारी पॉलिसी. समजा ५ लाखांची, २० वर्षांची एंडोमेंट आहे आणि वर्षाला २५ हजार हप्ता. बोनस हजारी ४५ म्हणजे विमा रकमेच्या दर हजारामागे वर्षाला ४५ रुपये. ५ लाखांवर झाले २२ हजार ५००. हा दर २० वर्षं टिकला असं धरलं तर साडेचार लाख बोनस. मुदत पुरी झाली की हातात साडेनऊ लाख. ऐकायला दुप्पट वाटतं. पण पैसे एकदम भरलेले नाहीत, दर वर्षी भरले आहेत. तो हिशेब मांडला तर परतावा पावणेसहा टक्क्यांच्या जवळपास येतो. बोनसवर बोनस मिळत नाही आणि जाहीर झालेली रक्कम मुदतीनंतर किंवा मृत्यूनंतरच हातात येते, हेही लक्षात ठेवा.

वाईट आहे का? ज्याच्या हातात पैसा टिकत नाही त्याला सक्तीची बचत म्हणून वाईट नाही. पण घरात कमावणारा एकच असेल, डोक्यावर डोंबिवलीच्या फ्लॅटचं कर्ज असेल, तर ५ लाखांच्या विम्याने काय होणार? तिथे आधी टर्म घ्या, म्हणजे मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा विमा. टर्ममध्ये जगलात तर काही परत मिळत नाही, म्हणून लोक नाक मुरडतात. त्याच हप्त्यात कितीतरी पट मोठं संरक्षण मिळतं, आणि विमा घ्यायचा तो त्यासाठीच. मी एजंट नाही, मला कमिशन नाही, म्हणून हे मोकळेपणाने सांगते.

हप्ते थांबले. पॉलिसी बुडाली का?

हा प्रश्न आला की मला आमच्या लालबागच्या चाळीतले एक काका आठवतात. गिरणीत होते. पगार होता तोवर हप्ता जात होता. १९८२ च्या जानेवारीत संप झाला, पगार गेला, हप्ताही गेला. पुढे गिरणीच गेली. घरात सगळे धरून चालले होते की पॉलिसी बुडाली. १९९९ मध्ये चाळीत रंगकाम निघालं तेव्हा काकूंनी देव्हाऱ्याखालचा पत्र्याचा डबा रिकामा करायला घेतला आणि कागद टाकण्याआधी मला हाक मारली. घड्या पडून कागद चौकोनाचौकोनात फाटायला आला होता.

१९७४ ची पॉलिसी, १० हजारांची, २५ वर्षांची. आठ वर्षं हप्ते भरलेले. जुन्या पॉलिसींत साधारण तीन वर्षांचे हप्ते भरले असतील तर पॉलिसी मरत नाही, ती 'पेड-अप' होते. विमा रक्कम भरलेल्या हप्त्यांच्या प्रमाणात कमी होते. २५ पैकी ८ वर्षं, म्हणजे १० हजाराचे ३ हजार २००, आणि त्या आठ वर्षांत जमलेला बोनस. त्याच वर्षी मुदत संपत होती. रक्कम फार नव्हती. पण काकांनी शाखेतून बाहेर आल्यावर तो चेक दोनदा खिशातून काढून बघितला.

आजचे नियम असे. वार्षिक, सहामाही, तिमाही हप्त्याला ३० दिवसांची सवलत, मासिक हप्त्याला १५ दिवसांची. त्यानंतर पॉलिसी बंद पडते, पण एलआयसीत पहिल्या चुकलेल्या हप्त्यापासून साधारण पाच वर्षांपर्यंत ती पुन्हा सुरू करता येते. मागचे हप्ते, व्याज आणि लागलीच तर तब्येतीची तपासणी. सरेंडर करायचंच, म्हणजे मुदतीआधी पॉलिसी मोडायचीच असेल तर १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या नियमांखाली विकलेल्या योजनांत एका पूर्ण वर्षाच्या हप्त्यानंतरही काही रक्कम परत मिळते. पूर्वी पहिल्या वर्षाचं सगळंच जायचं. सरेंडर करण्याआधी पॉलिसीवर कर्ज मिळतं का तेवढं विचारा. नड भागते आणि विमाही राहतो.

नॉमिनी लावलाय. आता काळजी नाही ना?

आहे. सगळ्यात जास्त काळजी इथेच आहे.

मुलगा नोकरीला लागतो, पहिली पॉलिसी घेतो, नॉमिनी आई. बरोबरच आहे. मग लग्न होतं, मुलं होतात, आई जाते, आणि पॉलिसीवर नाव आईचंच राहतं. एक तरुण बाई माझ्या टेबलासमोर बसली होती, मांडीवर दोन वर्षांचं मूल. नवरा अपघातात गेला होता. नॉमिनी सासूबाई, आणि त्या चार वर्षांपूर्वीच वारलेल्या. अशा वेळी पैसे कायदेशीर वारसांचे होतात, पण वारस कोण हे कागदाने सिद्ध करावं लागतं. कोर्ट, वकील, दिरांच्या सह्या. जे काम काही दिवसांत झालं असतं त्याला महिने लागले. राहिला होता एक साधा फॉर्म, जो त्या मुलाला लग्नानंतर कधीही भरता आला असता.

नॉमिनी आई-वडील, नवरा-बायको किंवा मुलं यांपैकी असेल तर विमा कायद्याच्या २०१५ च्या दुरुस्तीनंतर ते स्वतः त्या पैशाचे हक्कदार ठरतात. भाऊ, पुतण्या, मित्र असेल तर तो फक्त पैसे स्वीकारणारा, त्याने ते वारसांना द्यायचे. नॉमिनी अज्ञान, म्हणजे १८ वर्षांखालचा असेल तर त्याच्या वतीने पैसे घेणारा 'अपॉइंटी' नेमा, कारण पाच वर्षांच्या मुलाच्या हातात चेक देता येत नाही. आणि होमलोनसाठी पॉलिसी बँकेकडे तारण लिहून दिली असेल तर २०१५ च्या दुरुस्तीनंतर नॉमिनेशन रद्द होत नाही, पण बँकेचं येणं आधी वळतं होतं आणि उरलेलंच नॉमिनीला मिळतं. कर्ज फिटल्यावर पॉलिसी परत आपल्या नावावर करून घ्यायची आणि नॉमिनी कोण आहे ते तपासायचं. हे जवळजवळ सगळे विसरतात.

डेथ क्लेमला काय काय लागतं?

पॉलिसीचा मूळ कागद, महापालिकेचा मृत्यूचा दाखला, नॉमिनीचं ओळखपत्र, त्याच्या खात्याचा रद्द केलेला चेक आणि क्लेमचा फॉर्म, नंबर ३७८३. पॉलिसीला तीन वर्षं होऊन गेली असतील तर ३७८३ ए, तो सोपा आहे. चौकशीची गरज नसेल तर १५ दिवसांत आणि चौकशी लागली तर ४५ दिवसांत निकाल द्यावा, असा नियम आहे.

तीन वर्षांच्या आत मृत्यू झाला तर हॉस्पिटलचे कागद, कामाच्या ठिकाणचा रजेचा तपशील असं सगळं मागतात. तो तुमच्यावरचा अविश्वास नाही, ती पद्धत आहे. पॉलिसी घेताना मधुमेह, रक्तदाब, तंबाखू, आधीचं ऑपरेशन काही लपवलं असेल तर ते इथे उघडं पडतं. "लिहू नका, हप्ता वाढेल," असं सांगणारा माणूस क्लेमच्या दिवशी तुमच्या बायकोच्या बाजूला बसलेला नसतो. विमा कायद्याच्या कलम ४५ प्रमाणे तीन वर्षं पूर्ण झाल्यावर मात्र कुठल्याही कारणाने कंपनीला पॉलिसीवर शंका काढता येत नाही.

आणखी एक. नावं जुळवून ठेवा. पॉलिसीवर माहेरचं नाव, आधारवर सासरचं, बँकेत नुसती आद्याक्षरं. तिन्ही बाई एकच आहेत हे तुम्हाला माहीत असतं, कागदाला नसतं.

वडिलांच्या कपाटात जुनी पॉलिसी सापडली. आता मिळेल काही?

मिळू शकतं. एलआयसीच्या आणि इतर विमा कंपन्यांच्या संकेतस्थळावर दावा न केलेल्या रकमा शोधायची सोय आहे. पॉलिसी नंबर, नाव, जन्मतारीख, पॅन टाकून बघा. दहा वर्षं कोणी मागितले नाहीत तर ते पैसे सरकारच्या ज्येष्ठ नागरिक कल्याण निधीत जातात. तिथे गेले तरी पुढची २५ वर्षं वारसाला मागता येतात, आणि अर्ज त्याच विमा कंपनीकडे करायचा. कागद हरवला असेल तर बंधपत्र देऊन दुय्यम प्रत निघते.

पेन्शन प्लॅन म्हणजे नोकरीतलं पेन्शनच का?

नाही. नोकरीतलं जुनं पेन्शन नोकरी देणारा देतो आणि त्यावर महागाई भत्ता वाढत जातो. विमा कंपनीच्या पेन्शनमध्ये, म्हणजे ॲन्युइटीत, तुम्ही तुमचेच पैसे एकरकमी देता आणि कंपनी मरेपर्यंत ठरलेली रक्कम देत राहते. घेतलेल्या दिवशीचा दर जन्मभर कायम. पुढे बँकांचे दर कोसळले तरी तुमचं कमी होत नाही, हे याचं खरं बळ. आणि भाजी, दूध, औषधं कितीही महागली तरी साध्या प्रकारात एक रुपयाही वाढत नाही, हे त्याचं दुखणं. साठाव्या वर्षी पुरणारी रक्कम ऐंशीव्या वर्षी पुरेल का, हा विचार सही करण्याआधी करा.

पर्याय निवडताना घाई नको. मूळ रक्कम वारसांना परत मिळणारा प्रकार घेतलात तर महिन्याचं पेन्शन कमी येतं. परत न मिळणारा घेतलात तर जास्त. नवरा-बायको दोघांसाठी घेतलं तर एकाच्या मागे दुसऱ्याला चालू राहतं. माझं मत विचाराल तर बायकोचं स्वतःचं उत्पन्न नसेल तिथे दोघांचंच घ्या, हजार-दोन हजार कमी मिळाले तरी चालेल. पुरुषांना स्वतःच्या हयातीतला आकडा दिसतो, मागच्या पंधरा वर्षांचा दिसत नाही. एकदा घेतलं की पर्याय बदलता येत नाही.

हे पेन्शन करपात्र आहे. सगळी पुंजी त्यात घालू नका. ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत ३० लाखांपर्यंत ठेवता येतात, तिथे पाच वर्षांनी रक्कम हातात येते. हयातीचा दाखला मात्र वेळेवर द्या. एलआयसीच्या पेन्शनधारकांना तो आता 'जीवन साक्ष्य' ॲपवरून घरबसल्या देता येतो. नातवाला एकदा बसवा सोबत.

माझं दादरला दुकान आहे, धंद्यावर कर्ज आहे. उद्या काही झालं तर विम्याचे पैसे सावकार नेईल का?

साध्या पॉलिसीत देणेकऱ्यांचा हात तिथवर पोचू शकतो. त्यावर इलाज १८७४ पासून आहे: विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेचा कायदा. पुरुषाने स्वतःच्या आयुष्यावर, बायको-मुलांच्या लाभासाठी म्हणून या कायद्याखाली पॉलिसी घेतली तर तिचा ट्रस्ट होतो. ते पैसे त्यांचेच, देणेकऱ्यांना जप्त करता येत नाहीत. अट एकच: पॉलिसी घेतानाच तसा वेगळा फॉर्म भरावा लागतो, मागाहून जोडता येत नाही. त्या पॉलिसीवर पुढे स्वतःसाठी कर्ज किंवा सरेंडरचे पैसेही उचलता येत नाहीत. धंदेवाल्या माणसाने हे विचारलंच पाहिजे. फारच थोडे विचारतात.

टॅक्स आणि जीएसटी?

२२ सप्टेंबर २०२५ पासून वैयक्तिक आयुर्विम्याच्या हप्त्यावर जीएसटी नाही. ज्याला सगळे '८० सी' म्हणतात ती हप्त्यावरची प्राप्तिकराची सूट फक्त जुन्या करपद्धतीत. १ एप्रिल २०२३ पासूनच्या, युलिप सोडून इतर पॉलिसींचा वर्षाचा एकूण हप्ता ५ लाखांवर गेला तर मुदतीच्या रकमेवर कर लागू शकतो. मृत्यूनंतर मिळणाऱ्या रकमेला ही मर्यादा नाही. मार्चच्या शेवटच्या आठवड्यात टॅक्ससाठी पॉलिसी घेऊ नका, एवढंच.

मेडिक्लेम आणि गाडीचा विमा एलआयसी देते का?

हॉस्पिटलचं बिल भरणारी मेडिक्लेम नाही, गाडीचा तर नाहीच. ते सामान्य विमा कंपन्यांचं काम. फोर्टमधली न्यू इंडिया ॲश्युरन्स, १९१९ मध्ये सर दोराबजी टाटांनी काढलेली, ही त्यातली.

"तुमचा बोनस अडकलाय, आधी फी भरा" असा फोन आला.

ठेवून द्या. विमा नियामक प्राधिकरण कोणालाही बोनससाठी फोन करत नाही. तुमचा पॉलिसी नंबर त्याला माहीत आहे, म्हणजे तो कंपनीचाच माणूस आहे, असं समजू नका.

बँकेत एफडी करायला गेलो आणि घरी पॉलिसी आली.

माझ्या मावशीबरोबर हेच झालं. बहात्तराव्या वर्षी, एका बँकेत, दहा वर्षं हप्ते भरायची पॉलिसी. तिने कागद न उघडता कपाटात ठेवला आणि पुढच्या वर्षी दुसरा हप्ता मागणारा मेसेज आला तेव्हा मला दाखवला. तोवर फार उशीर झाला होता. पॉलिसीचा कागद हातात आल्यापासून ३० दिवसांत ती परत करता येते, मोजके खर्च कापून पैसे मिळतात. म्हणून पाकीट आलं त्याच दिवशी फोडा. फॉर्म इंग्रजीत असेल तर मराठीत समजावून मागा आणि समजेपर्यंत सही करू नका.

कंपनी ऐकत नाही. तक्रार कुठे?

आधी कंपनीकडे लेखी तक्रार. महिनाभरात उत्तर नाही किंवा उत्तर पटलं नाही तर विमा लोकपाल. मुंबईचं कार्यालय सांताक्रूझ पश्चिमेला एस. व्ही. रोडवर, जीवन सेवा ॲनेक्समध्ये आहे. फी नाही, वकील लागत नाही, ५० लाखांपर्यंतच्या तक्रारी चालतात. कंपनीने नकार दिल्यापासून एक वर्षाच्या आत जायचं. लोकपालाचा निवाडा कंपनीवर बंधनकारक असतो, आणि तो तुम्हाला पटला नाही तर तुम्हाला कोर्ट मोकळं आहे.

लोकपालाकडच्या अर्जाला कंपनीला दिलेल्या पत्राची पोच जोडावी लागते. म्हणून शाखेत कुठलंही पत्र द्यायला जाल तेव्हा दोन प्रती न्या. एक तिथे द्या आणि दुसरीवर तारखेचा शिक्का आणि सही घेतल्याशिवाय खिडकीवरून हलू नका.